कलम सात : आई, सहा-सहा महिने

तीर्थरूप मामांना साष्टांग नमस्कार (कंबर धरली आहे, तेव्हा कागदावरच मानून घ्यावा). तुमचा गुडघा कसा आहे? मामींचा खोकला गेला का? आम्ही सगळे ठीक. तुमच्या ताईने पोटच्या दोन्ही मुलांना कोर्टात खेचलं, एवढं सोडलं तर घरात विशेष काही नाही.

तुमच्या कानावर उलटसुलट जाण्याआधी खरं काय ते मीच कळवतो. बाबा गेल्यापासून घराच्या वाटणीवरून दादाचं आणि माझं आठ वर्षं जुंपलेलं, हे तुम्हाला ठाऊकच आहे. शेवटी कोर्टाने आम्हाला एका मध्यस्थ बाईंकडे पाठवलं. बाई शांत, आम्ही ओरडलो की खिडकी लावून घेणाऱ्या. पाच बैठकांत ठरलं : खालचा मजला दादाला, वरचा मला, जिना दोघांचा. कलम पाचमध्ये कपाट, सहामध्ये पाण्याचा पंप आणि सातमध्ये आई. जानेवारी ते जून दादाकडे, जुलै ते डिसेंबर माझ्याकडे. (लीप वर्षातला जादा दिवस कुणाचा, यावर पाऊण तास गेला. दोघेही तो दुसऱ्याला द्यायला तयार. इतकं औदार्य आमच्यात आहे हे आम्हालाही माहीत नव्हतं.) बाईंनी घराचे कागद मागितले, ते 'नंतर देतो' म्हणून आम्ही वेळ मारून नेली. आईंचं काय म्हणणं आहे, असंही त्यांनी विचारलं. "तिचं काही म्हणणं नसतं," आम्ही एका सुरात सांगितलं. आठ वर्षांतलं आमचं पहिलं एकमत. सह्या झाल्या, कोर्टाचा शिक्काही बसला.

पुढची चूक सर्वस्वी दादाची. तडजोडीच्या जादा प्रती त्याने रद्दी म्हणून आईला दिल्या. चाळीस वर्षं शिवणकाम केलेली बाई. मोठा कागद दिसला की त्यावर माप आखते. कॉलरचा आकार कापताना तिला पंपाच्या खाली 'आई' दिसलं. तिने कात्री ठेवली, चष्मा पुसला, सातवं कलम दोनदा वाचलं आणि कॉलर पुरी केली. आठवड्याने नोटीस आली. एकाच घरातून त्याच घरात, रजिस्टर टपालाने.

कोर्टात दादाचा आणि माझा वकील प्रथमच एका बाजूला बसले. सही केलेली तडजोड अशी सहजासहजी मोडता येत नाही, फसवणूक किंवा जबरदस्ती दाखवावी लागते, असं दोघांनी आळीपाळीने ठासून सांगितलं. मग आई उठली.

"मी सहीच केलेली नाही," ती म्हणाली. "आणि घर माझं आहे."

पिशवीतून कागद निघाले. बाबांनी घर घेतलं होतं आईच्या नावावर, तिच्याच शिलाईच्या पैशांतून. आठ वर्षं आम्ही भांडलो, पण कागदावर नाव कुणाचं हे पाहायला सवड झाली नव्हती.

न्यायाधीशांनी मऊ आवाजात विचारलं, "तुम्हाला कुणाकडे राहायचंय?"

"मी कुणाकडे राहत नाही, साहेब. हे दोघं माझ्याकडे राहतात."

कारकुनाला खोकला आला. मलाही हसू येणार होतं, पण ती खाली बसता बसता पुटपुटली, "नुसतं विचारलं असतं तरी दिलं असतं." त्यानंतर माझी मान वर झाली नाही. दादाचीही नाही.

तडजोड रद्द झाली. आई पूर्वीसारखीच मशीनवर बसते, आम्ही पूर्वीसारखेच राहतो. फक्त आता जिन्यातून चपला काढून जातो.

मामींना नमस्कार सांगावा.

तुमचा धाकटा भाचा

ता. क. आईने आम्हा दोघांशी राहण्याचा करार करायचं ठरवलंय. प्रत्येकाला एक जामीनदार लागतो. दादाचे सासरे तयार झाले. माझ्यासाठी तुम्ही सोबतच्या प्रतीवर पानोपानी सही करून उलट टपाली पाठवावी. पत्र मुख्यतः त्यासाठीच.

ता. क. २. कलम चारवर वेळ घालवू नये, अक्षर फार बारीक आहे. त्यात एवढंच म्हटलंय की, आईला न विचारता मी आईबद्दल काही ठरवलं, तर माझा मुक्काम जामीनदाराच्या घरी हलेल. सहा महिने नव्हे, कायमचा.