तेरा अंश पुढे

प्रिय मास्तरीणबाई,

या नावाने हाक मारली की तू डोळे वटारायचीस. आता तेवढं तरी बघायला मिळावं असं वाटतं. तुझ्या टेबलावर नवा माणूस बसतो आणि अंदाजाच्या वहीवर खुशाल चहाचा कप ठेवतो. दोनदा भांडलो त्याच्याशी. साहेब म्हणाले, फटाक्या, तुझी वात जरा भिजवून ठेव. तू ठेवलेलं नाव आता अख्ख्या ऑफिसचं झालंय.

काम तेच आहे. सकाळी आठला गच्चीवर जायचं, दुर्बिणीतून सूर्याचं बिंब कागदावर पाडायचं, डाग पेन्सिलीने गिरवायचे आणि कागद खाली द्यायचा. त्यावरून तू लिहायचीस, आज सूर्य शांत की वादळी. तुझ्या त्या एका शब्दावर विमानवाले, वीजवाले, बंदरवाले दिवस आखायचे. कॉलेजात सरांच्या टेबलावर प्रयोगवही आपटून निघून आलेल्या माणसाला असं काम कोण देतं? तू शब्द टाकलास म्हणून मिळालं. पहिल्याच दिवशी तू शिकवलंस, सूर्य स्वतःभोवती रोज तेरा अंश फिरतो, म्हणून कालचा डाग आज कुठे असेल ते न बघताही सांगता येतं. नवा डाग मात्र बघितल्याशिवाय कळत नाही.

त्या सकाळी गच्चीवर जाताना जिन्यात मी तुला लग्नाचं विचारलं. जिना ही काय जागा झाली विचारायची, पण मला धीर कुठला? तू हसली नाहीस, एवढे उपकार. म्हणालीस, आधी कुठेतरी टिकून दाखव, मग बोलू. एवढं साधं बोलणं, आणि माझं डोकं फिरलं.

त्याच दुपारी दीडला सूर्यावर स्फोट झाला आणि दोन तास रेडिओ मुके झाले. बंदराजवळ एका लहान बोटीत पाणी शिरलं. मदतीची हाक कुणालाच ऐकू गेली नाही. तिघे पोहत आले, म्हातारा खलाशी आला नाही. तुझा इशारा असता तर बंदरवाल्यांनी त्या दिवशी लहान बोटी सोडल्याच नसत्या. पण वहीत तुझ्या अक्षरात ‘शांत’ असं होतं. उपग्रहाची चित्रं त्या आठवड्यात बंद होती, तुझ्यापुढे होता तो फक्त माझा कागद.

चौकशीत तुला विचारलं, चित्रात चूक असेल का? मी दाराबाहेर उभा होतो. तू म्हणालीस, तो रागीट आहे, खोटा नाही. चूक माझ्या वाचण्यात असेल. मी आत यायला हवं होतं. पाय उचललाच नाही. आणि तू नोकरी सोडून गेलीस.

परवा तुझी धाकटी बहीण भेटली. म्हणाली, ताईने पुस्तकं बांधून माळ्यावर टाकलीत, सकाळी खिडकीही उघडत नाही. म्हणते, मला सूर्य वाचताच येत नाही.

म्हणून हे पत्र. त्या सकाळी मी दुर्बिणीचं झाकण काढलंच नाही. पाण्याच्या टाकीला टेकून रागाने धुमसत बसलो, आणि आठ वाजून गेल्यावर कालचा कागद काढून त्यावरचे तिन्ही डाग तेरा अंश पुढे सरकवून गिरवले. कोपऱ्यात लिहिलं, आकाश निरभ्र, प्रतिमा स्थिर. बिंबाच्या मधोमध रातोरात उगवलेला चौथा डाग मी पाहिलाच नव्हता, तर तो तुला कुठून दिसणार? दोन्ही कागद एकावर एक धरून जरा सरकवून बघ, डागांचा आकारसुद्धा तोच आहे. त्यांच्या प्रती सोबत पाठवतोय. मूळ कागद आणि माझा जबाब आज सकाळी साहेबांकडे दिला. त्यांनी गच्चीची किल्ली मागून घेतली. इथून खलाशाच्या घरी जाणार आहे. तिथे काय बोलायचं ते सुचत नाही, पण जाणार आहे. मला माफ करू नकोस, उत्तरही पाठवू नकोस. फक्त पुस्तकं माळ्यावरून खाली काढ. तू बरोबर वाचलं होतंस.

तुझाच,
न टिकलेला फटाका