मागून घेतलेला शुक्रवार

गुरुवार, संध्याकाळ. तिथी चतुर्दशी. म्हणजे उद्या अमावास्या!

सुमन परळला इस्पितळात. उद्या तिच्या हृदयाचं ऑपरेशन. डॉक्टरांनी मंगळवार दिला होता. पंचांगात पंचमी बघून मीच हट्टाने शुक्रवार मागून घेतला.

आता राहुकाळ बघायला पंचांग काढलं तेव्हा कळलं, मी गेल्या वर्षीचं पाहिलं होतं. नुसती तारीख बघितली, वार नाही. जुनं पंचांग टाकायचं नाही ही वडिलांची पद्धत, आणि पाडव्याच्या पूजेचं कुंकवाचं बोट दोन्हींवर सारखंच.

तिला फोन लावला.

"सुमन, माझ्याकडून एक चूक झाली..."

"अमावास्या ना? अहो, स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर काळा ठिपका आहे. तुम्ही शुक्रवार मागितलात त्याच दिवशी दिसला मला."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही पुन्हा पंचांग उघडलं असतंत. मला आता दम धरवत नाही हो. उद्या लवकर या. आणि ती तुमची शाळेतली नदीची कविता म्हणा, आत नेईपर्यंत."

मंगळवारपासूनचे हे तीन दिवस तिने कसे काढले असतील? मी विचारलंसुद्धा नाही. गिरगावात बसून शुभ दिवसाच्या भरवशावर निवांत झोपलो.

ते कुंकवाचं बोट डोळ्यांपुढून जात नाही.

राहुकाळ शेवटी बघितलाच नाही. नदीचं पहिलं कडवं येतंय. दुसरं सकाळपर्यंत आठवलंच पाहिजे.