उघडून पाहिलेला डबा

रत्नागिरी, १२ फेब्रुवारी १९९९

चि. पद्मजा हिस अनेक आशीर्वाद.

येथील सर्व क्षेम. मिरकरवाड्यातील मासळीच्या लिलावाचे चित्रण उरकून तुम्ही मंडळी दाभोळला गेलात. त्यानंतर तू माझ्याकडे सोपवलेले फिल्मचे दोन्ही डबे मी मुंबईच्या बसच्या पार्सलखिडकीवर स्वतः नेऊन दिले. आत काय आहे हे न पाहता सही करणे माझ्या रीतीत बसत नाही, म्हणून एक डबा तेथेच उघडला. काळ्या पिशवीतील रीळ उजेडात धरून तपासले. कोठेही चीर अथवा डाग नव्हता. पुन्हा जसेच्या तसे बंद केले. तुझ्या आईचे म्हणणे, मी लग्नातला आहेरही तोलून घेईन. तिकडे लक्ष देऊ नये.

संपूर्ण चित्रपटाचा कॅमेरा प्रथमच तुझ्या हाती आला आहे. त्या भरात जेवणाची आबाळ करू नये.

आशीर्वाद आहेतच.
बाबा

दाभोळ, १९ फेब्रुवारी

ती. बाबांस शि. सा. न. वि. वि.

तुमचे पत्र आले आणि त्याच दिवशी मुंबईच्या लॅबचा फोनही. धुतल्यावर एक रीळ आरंभापासून अखेरपर्यंत काळे निघाले. न धुतलेल्या फिल्मला उजेड लागला की तिच्यावरचे सारे जाते, बाबा. लिलाव गेला. निर्माते हरिश्चंद्र सुर्वे म्हणतात, बाईच्या हाती कॅमेरा देऊ नका असे सगळे सांगत होते, ते ऐकायला हवे होते. आता मुंबईहून दुसरा कॅमेरामन बोलावत आहेत. उद्या सुर्वे स्वतः रत्नागिरीस लॉजवर उतरतील.

रीळ काढताना माझाच हात चुकला, असे मी त्यांना सांगितले आहे. तुम्ही कोणाजवळ बोलू नका. गावात तुमच्या काटेकोरपणाचे दाखले देतात. त्यांना हसायला विषय नको. शिवाय डब्यावर चिकटपट्टी आणि सूचना लावायची माझीच राहिली. आपल्याच घरी तर ठेवायचे, असे वाटले.

आईला सांगा, वेळेवर जेवते आहे.

माया असू द्यावी.
आपली,
पद्मजा

रत्नागिरी, २४ फेब्रुवारी

चि. पद्मजा हिस अनेक आशीर्वाद.

तुझी विनंती मान्य करता आली नाही. माझ्या हातून झालेले नुकसान तुझ्या नावे लागणे मला मंजूर नाही, म्हणून श्री. सुर्वे यांना लॉजवर जाऊन भेटलो. प्रथम त्यांना वाटले, बाप मुलीला पाठीशी घालतो आहे. तेव्हा पार्सलखिडकीवरील सदू मयेकर यास नेऊन उभे केले. त्याने सांगितले, की काकांनी धोतराचे पान पाहावे तशी फिल्म उन्हात ताणून पाहिली. थांबवायला हवे होते, पण यांना थांबवायची छाती कोणाची. सुर्वे बराच वेळ हसत होते. नंतर त्यांनी माझ्यासमोरच त्या दुसऱ्या कॅमेरामनला फोन करून येऊ नका म्हणून कळवले. लिलाव पुढील आठवड्यात पुन्हा घ्यायचा आहे आणि तो तूच घेशील.

सदूने ही हकिगत गावभर केली. आज बाजारात कोळणीने पापलेटचा कल्ला उघडून दाखवला आणि हा उजेडानं नासत नाय हो भाऊ, असे वर सुनावले. तुझी आई पदराआड हसत होती.

एक लिहायचे राहिले. तुझ्या कामाविषयी कोणी विचारले, तर मुलगी मुंबईला नोकरी करते, एवढेच मी आजवर सांगत आलो. लॉजच्या मॅनेजरने कोण आले म्हणून कळवू, असे विचारले, तेव्हा या चित्रपटाच्या छायाचित्रकार पद्मजा यांचे वडील, असे सांगितले. त्याने उठून मला खुर्ची दिली.

आमचा लोभ तुझ्याकडे आहे, तो सांभाळावा.
बाबा