माहेरच्या माशांची नावं

३ ऑक्टोबर, शुक्र. जुबैल, सौदी

मुकुंदराव, वृंदावहिनी आणि निनाद जेवून गेले. आमच्या केतकीने निनादशी स्वतःच जमवलंय, त्यामुळे आपल्याला फक्त वाढायचं काम. साखरपुडा डिसेंबरात, पुण्याला. मुकुंदराव मला आत्तापासूनच ‘विहीणबाई’ म्हणतात. बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

दिलीपची सकाळपासून सूचनांची सरबत्ती. मूळचे इंदापूरकडचे, थोडी शेती होती, एवढंच सांगायचं. सासऱ्यांनी, म्हणजे त्याच्या वडिलांनी, आडनाव बदललं त्याला जमाना झाला. इथे आमची जात कुणाला ठाऊक नाही. केतकीलासुद्धा नाही. बापूमामाची होडी आहे, एवढंच तिला माहीत. तिला वाटतं हौसेची असेल.

मुकुंदरावांना शब्दांचा नाद. इथल्या मराठी मंडळाच्या ग्रुपवर रोज एक शब्द आणि त्याचं कूळ. आजचा ‘चब’. इंग्लंडात ट्रेनिंगला होते तेव्हा नदीत गळ टाकून धरलेला मासा, जाडजूड, मोठ्या डोक्याचा. त्यावरून इंग्रज मठ्ठ माणसाला चब म्हणायला लागले, त्यावरूनच ‘चबी’. फ्रेंचांनी त्याचं नाव डोक्यावरून पाडलं. आणि चब हा शब्द मुळात कुठून आला, ते खुद्द इंग्रजांना सांगता येत नाही म्हणे. केतकीला शाळेत सगळे चबी म्हणायचे. ती ताटात बघत बसली.

मग म्हणाले, “आपल्या मराठीत ही श्रीमंती नाही. समुद्राच्या माशांना नावं आहेत. नदीतला तो नुसता मासा.”

मी भात वाढला.

१० ऑक्टो., शुक्र.

झालं. व्हायचं ते झालं.

सगळे मिळून कतीफला गेलो होतो, निनादच्या गाडीतून. मासळीबाजारात एका गाळ्यावर जिवंत मासे, टाकीत. मुकुंदराव काचेला नाक लावून, “हा बघा, चबसारखाच दिसतोय.” गाळ्यावरचा हनीफभाई श्रीवर्धनचा, मराठी ऐकून खूश. “सायेब, आमी दर्याची मानसं. नदीच्याला इथं बुल्टी बोलतात, पुढचं आमाला नाय म्हाईत.”

मी हात घातला आणि काढला बाहेर. कल्ल्यात अंगठा, पोटाखाली बोटं, शेपूट मनगटाला लावून. विचार नाही, काही नाही. आई काढायची तसा. म्हटलं, चिलापी आहे ही. धरणात बाहेरून आली, आमची नव्हे.

हनीफभाई माझ्या हाताकडे बघत राहिला. “बाय, ही धरायची तऱ्हा शिकून येत नाय. तू कोल्यांची काय गो?”

“कोळी नाही, भोई. माझे वडील भीमेत जाळं टाकायचे.”

बोलून मोकळी. दिलीप पलीकडच्या गाळ्यावरच्या कोळंबीकडे बघायला लागला. वृंदावहिनींनी पर्सची चेन लावली. मुकुंदराव मात्र, “अरे वा! फारच इंटरेस्टिंग! मग नावं सांगा ना!” सांगितली. मरळ, वाम, शिंगटा, कानस, कोळस, खडशी. कोणता दगडाखाली राहतो, कोणता जाळ्यावरून उडी मारतो. ते फोनवर टिपून घेत होते. मला थांबताच येईना. इतक्या वर्षांत ही नावं तोंडात आली नव्हती. हात ओले, अंगाला मासळीचा वास, आणि मी आनंदात. वेडी.

११ ऑक्टो., शनि.

दि. आज बोलला तेव्हा एकच, “जिभेला हाड नाही तुझ्या. पोरीचं वाटोळं करशील.” मी म्हटलं, खरं सांगून वाटोळं होत असेल तर ते आधीच झालेलं होतं. हे म्हणायला सोपं.

केतकीची तऱ्हा वेगळीच. “ममा, भोई असण्याचं मला काहीच नाही. यू हिड इट फ्रॉम मी. मलापण?” दाराबाहेर मूळ सांगायला बंदी, ती घरातही पाळली आम्ही.

१८ ऑक्टो., शनि.

मुकुंदरावांचा आठवड्यात तिसरा फोन. मंडळात व्याख्यान देणार आहेत, विषय नदीच्या माशांची नावं. मी लॅबमधल्या नोकरीवरून येते, पदर खोचते आणि यांना मासे सांगते. मला आठवत नाही ते बापूला विचारून. बापू सकाळी जाळं काढून येतो तेव्हाच त्याला फोन करायचा.

“आक्का, कोळस आता घावत न्हाय. समदी चिलापी झालीया. पण सायबाला पायजे तर बघतो वरल्या अंगाला.” त्याला वाटतं, भाचीच्या सासऱ्याचं काम आहे. जीव टाकून करतोय.

मुकुंदरावांनी एक गोष्ट सांगितली. पूर्वी एक इंग्रज साहेब दख्खनच्या नद्यांवर हिंडला. तिथल्या माणसांना विचारून त्याने माशांची नावं लॅटिनात घातली. कोळसचं शास्त्रीय नाव आजही कोलस आहे. आणि तिलापिया, म्हणजे आमची चिलापी, हा शब्द आफ्रिकेतल्या कुठल्याशा भाषेत नुसता ‘मासा’. कुणा साहेबाने विचारलं असेल, हे काय? तो बिचारा म्हणाला असेल, मासा. विचारणाऱ्याचं नाव पुस्तकात. सांगणारा कोण, कुणाचा, कुणी विचारलंय?

वृंदावहिनींचा फोन नाही. पूर्वी एक दिवसाआड यायचा, साड्यांबद्दल.

२५ ऑक्टो., शनि.

मीच केला फोन. हॉल बुक झाला का? “अहो, बघतोय. मुलांना थोडा वेळ देऊया ना.” मुलांना वेळ! मुलं चार वर्षं एकत्र हिंडतायत, तेव्हा कुणाचं घड्याळ चालत नव्हतं.

दि.ला सांगितलं. “बघ,” म्हणाला. हे ‘बघ’ गेले दोन आठवडे त्याच्या ओठावर तयारच आहे.

३१ ऑक्टो., शुक्र. खोबरहून परत

व्याख्यान झालं. हॉल भरलेला. मी तिसऱ्या रांगेत, नवी साडी नेसून. नेसायची अक्कल कुठून सुचली कोण जाणे.

चबपासून सुरुवात. इंग्रज, फ्रेंच, मग भीमा. पडद्यावर बापूने पाठवलेला मरळीचा फोटो. मूळ फोटोत बापू आहे, दोन्ही हातांनी मासा धरून, हसतोय. पडद्यावर नुसती मरळ. कडेला बापूची चार बोटं राहिली होती.

नावं सगळी माझी. जाळ्यावरून उडी मारणाराही माझा. टाळ्या. शेवटी आभार. “ही माहिती आमच्या परिचयातल्या एका भोई समाजातल्या भगिनींनी दिली. अशी माणसं म्हणजे चालताबोलता ठेवा असतो.” पुन्हा टाळ्या. महिन्यापूर्वी विहीणबाई होते. आज परिचयातली भगिनी.

त्यांचा हात माझ्याकडे, तशा सगळ्यांनी माना वळवल्या. जुबैलच्या दोघी बायका माझ्याकडे अशा बघत होत्या, की आजवर यांच्या डब्यातलं आपण खाल्लं कसं. एकीने मात्र बाहेर येऊन हात दाबला.

परतताना गाडीत केतकी मागच्या सीटवर रडत होती की झोपली होती, मी वळून पाहिलं नाही. पाहायला हवं होतं.

७ नोव्हें., शुक्र.

वृंदावहिनी आल्या. एकट्या, ड्रायव्हरला बाहेर थांबवून. खजूर घेऊन.

साखरपुडा होणार. ठरल्याप्रमाणे डिसेंबरात. किती हायसं वाटलं मला. पण पुढे होतंच.

“छोटासाच करू. आमच्याकडे वयस्कर माणसं आहेत, त्यांच्या मनात जुनं काही काही असतं. आमच्या मनात काहीच नाही हो. फक्त तुमच्या माहेरचे, गावाकडचे लोक... त्यांना आपण नंतर वेगळं भेटू. आरामात.”

बापू. म्हणजे बापू नको. ज्याच्याकडून नावं घेतली, तो दारात नको.

मी बोलायच्या आत दि. म्हणाला, “चालेल, चालेल. तो तसाही कुठे येतोय.” चहा प्याल्या, गेल्या. खलास.

नंतर दि.ला नको नको ते बोलले. त्याने ऐकून घेतलं. मग म्हणाला, “माझ्या बापाने आडनाव टाकलं म्हणून मी शिकलो. तुझा भाऊ एक दिवस नाही आला तर मरणार नाही.” पहिलं वाक्य खरं आहे.

केतकीला निनादने आधीच सांगितलं होतं. त्याची बाजू अशी, की लग्न झालं की सगळं हळूहळू सरळ करू, आत्ता आजीला दुखवायला नको. मुलगा वाईट नाही. कणा कुठे ठेवून आलाय तेवढं विचारावंसं वाटतं. केतकी म्हणाली, “यू डिसाइड, ममा. तुझा भाऊ आहे.” एवढं मोठं ओझं माझ्या ओट्यावर ठेवून खोलीत गेली.

८ नोव्हें., शनि.

मुकुंदरावांचा मेसेज. कालच्या गोष्टीबद्दल चकार शब्द नाही. व्याख्यानाचा लेख करतायत, दोन नावांचे उच्चार नक्की करून हवेत, ‘आपल्या बंधूंना विचारता आलं तर’.

अजून उत्तर दिलेलं नाही. काय काय लिहून खोडलं ते इथे नको.

१४ नोव्हें., शुक्र.

दुपारी बापूचा फोन. चांगला मोठ्याने, होडीवरून बोलावं तसा.

“आक्का, घावला! कोळस! वरल्या अंगाला, नदी धरणाला मिळती तितं. बर्फात घालून ठेवलाय, सायबाला दावायला. आन् पोरीच्या साखरपुड्याची तारीख सांग की. हिला लुगडं घेतलंया. आदल्या दिशी निघू का दोन दिस आधी?”

दि. समोर पेपर धरून बसलेला. पान उलटत नव्हता.

मी म्हटलं, बापू, ऐक. आणि पुढचं येईना. तो म्हणतोय, “हालू? आक्का? रेंज गेली का काय?”

केतकी कधी येऊन उभी राहिली कळलं नाही. तिने माझ्या हातातून फोन घेतला. “मामा, मी केतकी बोलतेय,” म्हणाली, आणि गॅलरीत जाऊन काचेचं दार ओढून घेतलं.

बराच वेळ बोलत होती. पाठ आमच्याकडे. एकदा डोळे पुसले, एकदा हसली, की मला तसं वाटलं. दि. म्हणाला, “काय सांगतेय ती?” पुन्हा म्हणाला, “अगं, जाऊन बघ ना.” मी उठले नाही.

आत आली, फोन माझ्या हातात दिला आणि चहा ठेवायला गेली. काय बोलली ते मी विचारलेलं नाही. स्वयंपाकघरात पातेल्याचा आवाज येतोय. बापूचा पुन्हा फोन येतोय. वही ठेवते, उचलते.