नॉमिनीचा रकाना

४ जून
कोर्टात पुन्हा पुढची तारीख! सतरा जुलै. माझं भाषण पोटातच राहिलं. वकीलबाई म्हणतात, "ताई, इथे टाळ्या पडत नाहीत. विचारतील तेवढंच बोला." — जमायचं कसं?

९ जून
धाकटा भाऊ आला होता. बाबांची खुर्ची टाळून पलंगाच्या कडेला टेकला. फ्लॅट विकायचाच म्हणतो. नॉमिनी तो, म्हणून बाबा गेल्यावर सोसायटीने शेअर सर्टिफिकेट त्याच्या नावावर केलं. मी म्हटलं, नॉमिनी राखणदार असतो, मालक नव्हे; वारस आपण दोघं. अकरा वर्षं इथे राहून बाबांचं पथ्यपाणी केलं मी, आता जाऊ कुठे?
"कायदा असेल गं तुझ्या बाजूने. पण बाबांनी नाव माझं लिहिलं. तुझं का नाही?"
चहा तसाच ठेवून गेला. भरसभेत भल्याभल्यांना गप्प केलंय मी. आज त्याचा कप विसळत बसले.

२१ जून
जिन्याखालच्या सोसायटीच्या ऑफिसात गेले. सेक्रेटरी — "या, तोफ आली!" बाबांचा नॉमिनेशनचा मूळ फॉर्म कोर्टात आणा, असा अर्ज दिला. दुसऱ्या मजल्यावरच्या शिवणवालीची आठवण झाली. गेल्या वर्षी तिच्या भावाने तिला मशीनसकट बाहेर काढलं. त्याचंही हेच — "वडिलांनीच लिहून ठेवलंय." सर्वसाधारण सभेत काय सोललं होतं मी त्याला! ती मात्र परत आली नाही.

२ जुलै
पाठ दुखते. काही नाही.

१७ जुलै
फॉर्म आला. कडा पिवळ्या. धाकटा वाकून बघत होता. हळूच म्हणाला, "ताई, अक्षर तुझंय."
माझंच! कॉलेजात होते. इमारत नवी. बेचाळीस बिऱ्हाडांचे फॉर्म मी एका रविवारी भरून दिले — अक्षर बरं, आणि मिरवायची हौस. बाबा म्हणाले होते, "तू भर, मी सही करतो." नाव कोणाचं, मी विचारलं नाही. त्यांनी वाचलं नाही. घरात मुलगा दिसला की नॉमिनी म्हणून त्याचं नाव. हात आपोआप चालत होता. आणि त्याच वर्षी समतेवर बोलून ढाल जिंकली होती!
वकीलबाईंनी डोळ्यांनी दटावलं. तरी उभी राहिले. "साहेब, ही बाबांची इच्छा नाही. माझी सवय आहे."

१८ जुलै
धाकट्याचा फोन.
"म्हणजे बाबांनी मला निवडलंच नव्हतं."
"कोणालाच नाही रे."
मग — "राहा तू तिथेच. विकायचं राहू दे. फक्त यावर भाषण ठोकू नकोस."
हसलो दोघंही. किती महिन्यांनी!

२२ जुलै
सेक्रेटरींकडून बाकीचे एक्केचाळीस फॉर्म काढून घेतले. शिवणवालीच्या वडिलांचा सगळ्यात आधी.
सही त्यांची. भावाचं नाव माझ्या अक्षरात.