ताई खुर्चीत का झोपायची

भाऊजी,

कामावर तुमचा फोन कुलपात असतो, म्हणून ही चिठ्ठी. ताईला मोठ्या इस्पितळात नेत आहे. बाळ शेजारच्या मावशींकडे आहे. तुम्ही कपडेही न बदलता तसेच या.

बाळंतपणानंतर तिचे डोके दुखते ते जागरणाने, असे आपण धरून चाललो. "जरा आडवी हो," असे दोघेही सांगत राहिलो. ती खिडकीपाशी खुर्चीतच डोळे मिटायची आणि आपण "महाराणींचे सिंहासन" म्हणून हसायचो. आडवे होताच डोके फुटेलसे वाटते, हे तिने आज सांगितले, तेही मी विचारल्यावर.

सकाळी तिने चहा कपाच्या शेजारी ओतला. मग उजव्या हाताने बाळाच्या झबल्याचे बटण लागेना.

डॉक्टरीणबाई फोनवर म्हणाल्या, मेंदूतले रक्त परत नेणाऱ्या शिरेत गुठळी झाली असावी; मग रक्त आतच तुंबते आणि आडवे झाल्यावर दाब वाढतो. ओल्या बाळंतिणीला हा धोका असतो. वेळेत कळले, तर रक्त पातळ करणाऱ्या औषधाने गुठळी वाढायची थांबते. वेळेत म्हणजे केव्हापर्यंत, हे विचारण्याचे मला धैर्य झाले नाही.

मी हे लिहीत असताना ताई त्याच खुर्चीत बसून तुमच्यासाठी निरोप देते आहे. "त्यांना सांग," असे ती तीनदा म्हणाली. पुढचा शब्द तिला सापडत नाही. मी जागा सोडून ठेवली होती, पण खाली गाडी आली आहे.