बाबांचं मूळ गाव

प्रिय ऋचा,

मराठी वाचायला तुला वेळ लागतो, म्हणून मोठ्या अक्षरात लिहितेय. फोनवर हे जमलं नसतं. बाबा शेजारीच बसलेले असतात.

तुझ्या टीव्हीवरच्या कॉमेडीचा शेवटचा एपिसोड आम्ही दोघांनी पाहिला. टाय लावून भाकरी खाणारा त्यातला तो बाप सगळ्यांना आवडतो. ‘तुम्ही मूळचे कुठले?’ असं गोऱ्याने विचारो की मराठी माणसाने, तो छाती काढून सांगतो, ‘नॉटिंगहॅम!’ लोक खो खो हसतात. बाबाही हसले. मग चहा करतो म्हणून किचनमध्ये गेले, आणि किटली उकळून बंद झाली तरी परत आले नाहीत.

तुला वाटतं, बाबांना इंग्रज व्हायचं होतं. तसं नव्हतं गं. आपण बौद्ध, एवढंच तुला माहीत. त्याआधीचं आम्ही कधी बोललोच नाही. पुण्यात पहिल्या नोकरीत असताना घरमालकाने त्यांना आधी आडनाव विचारलं, मग गाव, मग गावात घर कोणत्या बाजूला. जात काढून घ्यायची ती आडवाट. दुसऱ्या दिवशी बाबांची वळकटी दाराबाहेर होती. इथे इंग्लंडला आल्यावर वाटलं, सुटलो. तू पोटात होतीस तेव्हा लंडनमध्ये हॅरोला एका मराठी कार्यक्रमाला गेलो. जेवताना शेजारच्या गृहस्थांनी गोड आवाजात तेच सुरू केलं, ‘आडनावावरून कळत नाही हो. मूळ गाव कुठलं? घर गावात, की बाहेर?’ बाबांनी हातातली पुरी ताटात ठेवली. ‘मी नॉटिंगहॅमचा,’ म्हणाले आणि मला घेऊन निघाले. तेव्हापासून कोणीही विचारलं की तेच उत्तर, तेच तू लहानपणापासून ऐकलंस.

तुला सांगू या, असं मी कितीदा म्हटलं. ‘तिला कशाला ते ओझं?’ म्हणायचे. तू खरंच हसरी वाढलीस. तुझ्यावर राग नाही, तुला ठाऊकच नव्हतं. पण मी गप्प बसले, याचं आता फार वाईट वाटतं.

काल तू फोन केलास, नव्या सीरीजच्या रेकॉर्डिंगला बाबांनी स्टेजवर येऊन ते ‘नॉटिंगहॅम!’ स्वतः म्हणायचं. ते लगेच ‘हो’ म्हणाले. तुला कधी नाही म्हणालेत का? सकाळपासून आरशासमोर प्रॅक्टिस चाललीय, आणि दर वेळी आवाज खाली जातोय. ऋचा, त्यांना स्टेजवर बोलवू नकोस. त्याआधी एकदा घरी ये, त्यांच्याजवळ बस, काय विचारायचं ते विचार. सांगतील की नाही, मला माहीत नाही. पण निदान विचारणारी तू असशील.

तुझीच,
आई